‘देणे’ आणि ‘वरणे’ : जोडीदार निवडण्याच्या हक्काचा इतिहास

१

मुलीच्या लग्नासंबंधी मराठीत रूढ असलेली क्रियापदे एकत्र मांडून पाहिली, तर त्यांपैकी बहुतेकांचा कर्ता मुलगी नसते, हे सहज ध्यानात येते. मुलगी ‘दाखवली’ जाते, ‘दिली’ जाते, ‘उजवली’ जाते. बाप तिचे लग्न ‘करून देतो’, भाऊ ‘लावून देतो’. लग्नाच्या प्रकरणात ती स्वतः कर्ता होते ती प्रामुख्याने एका प्रयोगात : ती ‘पळून जाते’. हिंदीतही ‘भाग गयी’ म्हणतात, आणि तेथेही त्या क्रियापदात मागे राहिलेल्या माणसांचा संताप भरलेला असतो. संस्कृतातून आपल्याकडे ‘वरणे’ हे एक क्रियापद आले होते. त्याचा अर्थच निवडणे, पसंत करणे असा आहे, आणि ‘वर’ म्हणजे ज्याला वरले तो. पुढे ‘वर’ हा शब्द लग्नपत्रिकेत राहिला आणि ‘वरणे’ नाटकात व कवितेत गेले.

सज्ञान स्त्रीपुरुषांनी, आईबापांचा विरोध असतानाही, आपला जोडीदार आपण निवडावा या हक्काबद्दल भारतीय कायद्यात आज संदिग्धता उरलेली नाही. सर्वोच्च न्यायालयाने तो गेल्या वीस वर्षांत पुनःपुन्हा उच्चारला आहे. परंतु त्या निर्णयांतील विचार मराठीत आणू पाहणाऱ्या अनुवादकाला वर सांगितलेल्या क्रियापदांशी झगडावे लागते, आणि त्या झगड्यातून एक ऐतिहासिक प्रश्न उभा राहतो. जे साहित्य दीडशे वर्षे विवाहसुधारणेच्या चर्चेने भरलेले आहे, त्याने या हक्काची भाषा घडवली काय? प्रस्तुत लेखकाचे उत्तर असे की, आपल्या साहित्याने मुलीच्या नकाराची भाषा मोठ्या सामर्थ्याने घडवली. तिच्या निवडीची भाषा मात्र त्याने दीर्घकाळ पुराणकथेच्या स्वाधीन करून ठेवली. कायद्याचा प्रवासही याच दोन टोकांमधून झाला आहे. म्हणून दोहोंचा इतिहास एकत्र पाहणे उपयुक्त ठरेल.

२

प्रारंभ रंगभूमीपासून करणे योग्य होईल, कारण शिक्षित मराठी समाजाने प्रेमविवाहाचा पहिला सार्वजनिक जयजयकार नाट्यगृहात केला. १८८२ मध्ये अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘संगीत सौभद्र’ रंगभूमीवर आले. त्याचे कथानक आजच्या भाषेत सांगायचे तर असे होईल : घरातील कर्ता पुरुष, म्हणजे वडील बंधू बलराम, बहिणीचे लग्न दुर्योधनाशी ठरवतो, बहिणीचे मन अर्जुनावर आहे, धाकटा भाऊ कृष्ण युक्तीने तिच्या मनासारखे घडवून आणतो. १९१६ मध्ये कृ. प्र. खाडिलकरांचे ‘संगीत स्वयंवर’ आले. तेथे रुक्मिणी आपला भाऊ रुक्मी याच्या इच्छेविरुद्ध कृष्णाला वरते. बालगंधर्वांच्या रुक्मिणीवर महाराष्ट्राने जे प्रेम केले ते सर्वश्रुत आहे. ज्या घरांतून मुलीला स्थळ दाखवताना तिचे मत विचारण्याची पद्धत नव्हती, त्याच घरांतील मंडळी भावाच्या आज्ञेविरुद्ध पत्र धाडणाऱ्या राजकन्येला रात्र रात्र टाळ्या देत होती.

याला केवळ दांभिकपणा म्हणून बाजूला सारणे सोपे आहे. पण ते पुरेसे होणार नाही. प्रेक्षकाला तेथे आंतरिक विसंगती जाणवत नव्हती, याचे कारण कथेच्या रचनेतच आहे. सुभद्रेने अर्जुनाला निवडले आणि रुक्मिणीने श्रीकृष्णाला. वर इतका निर्विवाद योग्य, की निवड करणाऱ्याच्या अधिकाराचा प्रश्न उद्भवतच नाही. शिवाय दोघींच्या निवडीने कूळ, वर्ण आणि प्रतिष्ठा यांची एकही चौकट मोडत नाही. आपण टाळी दिली ती निवडीला की वराला, हे ठरवण्याची वेळ त्या प्रेक्षकावर कधी आलीच नाही. ही कसोटी पुढच्या इतिहासात वारंवार लागणार होती.

या दोन नाटकांच्या मध्ये, १८९९ साली, गोविंद बल्लाळ देवलांचे ‘संगीत शारदा’ येते आणि आपण पुराणातून खऱ्या घरात उतरतो. पैशाच्या लोभाने बाप मुलीला वृद्ध श्रीमंताला देऊ पाहतो. शारदेचे दुःख देवलांनी असे उभे केले की जरठ-कुमारी विवाहाविरुद्ध त्याहून प्रभावी पुरावा मराठीत दुसरा नाही. परंतु ते लग्न मोडते कशाने, हे लक्षपूर्वक पाहिले पाहिजे. शारदेला तो नवरा नको आहे, हे कारण तेथे कोणालाही निर्णायक वाटत नाही. वर आणि वधू एकाच गोत्रातील निघतात, या शास्त्राधारावर ते थांबते. आणि पुढे तिच्या कोदंडाशी होणाऱ्या विवाहालाही धर्माधिकाऱ्याची मान्यता आणावी लागते. देवलांची करुणा निःसंशय सुधारकाची आहे. मात्र त्यांच्या नाटकातील न्याय अजून शास्त्राच्याच हातात आहे. मुलीचे ‘नको’ प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाणी आणते. मांडवात ते पुरावा म्हणून दाखल होत नाही.

३

मांडवात जे घडले नाही ते न्यायालयात काही वर्षे आधीच घडून गेले होते. रखमाबाईंचे लग्न त्यांच्या अकराव्या वर्षाच्या सुमारास दादाजी भिकाजी यांच्याशी लावून देण्यात आले. वयात आल्यावर त्यांनी नांदायला जाण्यास नकार दिला. १८८४ मध्ये दादाजींनी मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी तो फेटाळला, १८८६ मध्ये अपिलात तो निर्णय उलटला, आणि मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी नांदायला जा, नाहीतर सहा महिने कैद भोगा, असा हुकूम दिला. रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दाखवली. १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. पुढे त्या इंग्लंडमध्ये वैद्यक शिकून डॉक्टर होऊन परतल्या. ‘केसरी’ने त्यांच्या विरोधात लेखणी चालवली, ‘सुधारक’कार आगरकर प्रौढ आणि परस्परसंमत विवाहाच्या बाजूने लिहीत राहिले.

रखमाबाईंच्या युक्तिवादाचे मोल असे की, त्यात लग्न ही एक केलेली गोष्ट मानली आहे आणि ती आपण केलेली नाही, एवढेच त्या सांगत होत्या. कोणाला निवडावयाचे आहे असा प्रश्नच तेथे नव्हता. नकाराचा हक्क हा निवडीच्या हक्काचा पूर्वार्ध होय, आणि एकोणिसाव्या शतकातील एकंदर लढा या पूर्वार्धाचाच आहे. ‘संमती’ हा शब्द मराठी वादविवादात घरोघर पोहोचला तो १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्यामुळे. पण त्या कायद्याने शरीरसंबंधाचे किमान वय दहावरून बारावर नेले, यापलीकडे मुलीच्या इच्छेशी त्या शब्दाचा संबंध नव्हता. तेथे संमती म्हणजे एक वय होते. ती देणारे माणूस अद्याप दिसत नव्हते.

याच काळातील आणखी दोन कायदे येथे विचारात घेतले पाहिजेत. १८७५ च्या सज्ञानतेच्या कायद्याने अठरावे वर्ष पूर्ण केलेल्या व्यक्तीला सज्ञान ठरवले. मात्र विवाह, मेहेर, घटस्फोट आणि दत्तक या बाबी त्याच्या कक्षेतून स्पष्टपणे वगळल्या. अठराव्या वर्षी माणूस घर विकू शकत होता. लग्नाच्या बाबतीत तो सज्ञान आहे की नाही, हे त्याच्या धर्मशास्त्रावर आणि रूढीवर सोपवले होते. दुसरा, १८७२ चा तिसरा कायदा. ब्राह्मो समाजाच्या चळवळीतून आलेल्या या कायद्याने नोंदणी विवाहाची वाट उघडली; पण ती चालणाऱ्याला आपण हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती, पारशी, बौद्ध, शीख, जैन वा ज्यू यांपैकी कोणत्याही धर्माचे नाही असे लिहून द्यावे लागे, आणि एकवीस वर्षांखालील व्यक्तीला पित्याची किंवा पालकाची संमती लागे. आपल्या मनाप्रमाणे लग्न करावयाचे तर आधी आपला धर्म नाकारा, अशी ही किंमत होती.

४

किंमत कमी करण्याचे पुढील प्रयत्न प्रथम प्रांतांतून आणि संस्थानांतून, व नंतर दिल्लीतून झाले. १९१८ मध्ये विठ्ठलभाई पटेलांनी केंद्रीय विधिमंडळात आंतरजातीय हिंदू विवाहांना वैधता देणारे विधेयक मांडले. कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी त्याचा हिरिरीने पुरस्कार केला. ते संमत झाले नाही. १९२३ मध्ये हरिसिंग गौर यांच्या प्रयत्नाने १८७२ च्या कायद्यात दुरुस्ती झाली. मध्य प्रांतातील हे विधिज्ञ तेव्हा नव्याने स्थापन झालेल्या दिल्ली विद्यापीठाचे पहिले कुलगुरूही होते. या दुरुस्तीमुळे हिंदू, बौद्ध, शीख व जैन यांना आपला धर्म न नाकारता आपसांत नोंदणी विवाह करता येऊ लागला.

परंतु त्या दुरुस्तीतील एक कलम सामाजिक इतिहासाच्या अभ्यासकाने विसरू नये असे आहे. अशा रीतीने विवाह केलेला पुरुष अविभक्त कुटुंबातून विभक्त झाला असे मानले जाई. आणि त्याच्या पित्याला दुसरा मुलगा हयात नसेल, तर दत्तक घेण्याचा अधिकार मिळे. मुलगा डोळ्यांदेखत जिवंत असताना त्याची जागा रिकामी झाली असे कायदाच बापाला सांगत होता. ‘तू आम्हाला मेलास’ हे मराठी घरांतून रागाच्या भरात उच्चारले जाणारे वाक्य येथे विधिमंडळाच्या भाषेत आले. कादंबरीकाराला याहून मोठा विषय कोणता मिळाला असता?

या कायद्यांना तात्त्विक पाया पुरवला तो डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी लिहिलेले, पण प्रत्यक्षात न झालेले भाषण त्यांनी १९३६ मध्ये प्रसिद्ध केले. जात मोडण्याचा खरा उपाय आंतरजातीय विवाह हाच आहे, असे त्यांनी त्यात प्रतिपादिले. याचा अर्थ असा की, जोडीदार निवडणे ही दोन व्यक्तींची खासगी हौस राहत नाही. जातिसंस्थेचा कणा ज्या बंधनावर उभा आहे, त्याच बंधनाला ती हात घालते. घरच्यांचा विरोध इतका तीव्र का असतो याचेही उत्तर त्यातच सापडते. स्वतंत्र भारताचे विधिमंत्री म्हणून त्यांनी दिल्लीत हिंदू संहिता विधेयकासाठी झुंज दिली, ते रखडल्यावर सप्टेंबर १९५१ मध्ये राजीनामा दिला, आणि त्या विधेयकाचे तुकडे पुढे निरनिराळ्या कायद्यांच्या रूपाने संमत झाले.

१९५४ च्या विशेष विवाह कायद्याने धर्म नाकारण्याची अट सर्वांसाठीच काढली. पुरुषाचे वय एकवीस आणि स्त्रीचे अठरा असले की पुरे. पालकांच्या संमतीचा त्यात उल्लेख उरला नाही. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात जातीची अट नव्हती. मुलीचे किमान वय तेव्हा पंधरा असल्यामुळे अठरापर्यंत पालकांची संमती ठेवली होती. १९७८ मध्ये किमान वयच अठरा झाल्यावर तीही गेली. अविभक्त कुटुंबातून विभक्त होण्याचे जुने कलम १९५४ नंतरही टिकले. दोघेही हिंदू, बौद्ध, शीख वा जैन असतील तर ते लागू होऊ नये, अशी दुरुस्ती १९७६ मध्ये झाली. रखमाबाईंच्या दाव्यापासून मोजले तर कायद्याला ‘देणे’ सोडून ‘वरणे’ स्वीकारण्यास सुमारे पाऊण शतक लागले.

५

कायदा संमत झाला त्या राजधानीच्या आसपासच त्याची खरी परीक्षा झाली. विशेष विवाह कायद्याखाली तीस दिवस आधी नोटीस द्यावी लागते आणि ती विवाह अधिकाऱ्याच्या कार्यालयात लावली जाते. वय, पूर्वीचा विवाह, मानसिक क्षमता, निषिद्ध नाते एवढ्याच कारणांवर हरकत घेता येते. आईबापांची नापसंती हे कारण नाही. पण ज्यांना आईबापांपासून लपून लग्न करावयाचे आहे त्यांच्या दृष्टीने ती नोटीस म्हणजे दवंडीच असते. दिल्लीत तर अशा नोटिसा घरच्या पत्त्यावर धाडल्या जात. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने त्या प्रथेला आधार नसल्याचे सांगून ती थांबवली. हिंदू विवाह कायद्यात पूर्वनोटीस नसल्यामुळे अनेक जोडपी दिल्लीतील आर्यसमाज मंदिरांचा आश्रय घेत आली आहेत. हक्क घटनेने दिलेला, आणि तो बजावण्यासाठी परक्या शहरात जाऊन घाईने फेरे घ्यावयाचे, अशी ही परिस्थिती.

अशाच एका लग्नातून २००६ चा ‘लता सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य’ हा निवाडा जन्मला. लखनौची एक सज्ञान तरुणी घर सोडून गेली आणि तिने दिल्लीच्या आर्यसमाज मंदिरात परजातीतील तरुणाशी विवाह केला. भावांनी फिर्याद दिली, नवऱ्याच्या बहिणींनाही तुरुंगात टाकले गेले. सर्वोच्च न्यायालयाने तो खटला रद्द केला आणि बजावले की मुलामुलींचा विवाह आईबापांना पसंत नसेल तर ते फार तर संबंध तोडू शकतात. धमकी, हिंसा वा छळ करू शकत नाहीत. या वाक्यातील संयम लक्षणीय आहे. न्यायालय आईबापांना आनंद मानण्यास सांगत नाही, दुःख करण्याचा त्यांचा अधिकारही हिरावत नाही. ते केवळ त्यांच्या अधिकाराची सीमा आखते.

दुसऱ्याच वर्षी, २००७ मध्ये, दिल्लीच्या उत्तरेस हरियाणातील कैथल जिल्ह्यात एका तरुण जोडप्याची हत्या झाली. ती दोघे एकाच गोत्राची होती आणि गावच्या खाप पंचायतीला ते लग्न मान्य नव्हते. वास्तविक सगोत्र विवाह कायद्याने १९४६ सालीच वैध ठरवला होता. २०१० मध्ये कर्नालच्या सत्र न्यायालयाने पाच जणांना मृत्युदंड दिला, जो पुढे उच्च न्यायालयाने कमी केला. ‘शारदा’ ज्याने वाचले आहे त्याला येथे थांबावेच लागेल. ज्या गोत्राने देवलांच्या नायिकेला वाचवले, त्याच गोत्राने येथे दोन जीव घेतले. माणसाच्या इच्छेऐवजी शास्त्राला निर्णायक मानले की ते कधी तारते, कधी मारते. तारले तरी त्यात त्या माणसाचा विजय नसतो.

हा उत्तरेकडचा विकार आहे असे मानून मराठी वाचकाने निश्चिंत होऊ नये. जातपंचायतींच्या बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्राला २०१६ मध्ये स्वतंत्र कायदा करावा लागला. २०२१ च्या प्रारंभी सर्वोच्च न्यायालयापुढे आलेले प्रकरण बेळगाव जिल्ह्यातले होते. एक सुशिक्षित, सज्ञान अध्यापिका घरच्यांना न कळवता दिल्लीला गेली, तेथे तिने विवाह केला आणि तसे पोलिसांना कळवले. तरीही तिने परत येऊन जबाब द्यावा असा त्यांचा आग्रह होता. न्यायालयाने फिर्याद रद्द केली, अशा प्रसंगी कसे वागावे याचे प्रशिक्षण पोलिसांना द्यावे असे सांगितले, आणि निवाड्यात आंबेडकरांच्या १९३६ च्या त्याच ग्रंथाचा आधार घेतला. लाहोरच्या मंडळाने ऐकून न घेतलेले भाषण पंच्याऐंशी वर्षांनी दिल्लीच्या न्यायासनावरून ऐकू आले.

मधल्या काळात, मार्च २०१८ मध्ये, ‘शक्ती वाहिनी विरुद्ध भारत सरकार’ या निवाड्यात दोन सज्ञान व्यक्तींच्या विवाहाला कुटुंबाच्या, समाजाच्या वा कुळाच्या संमतीची आवश्यकता नाही, हे तत्त्व निःसंदिग्धपणे सांगितले गेले. अशा जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष असावेत आणि सुरक्षित निवाऱ्याचा विचार व्हावा, असेही निर्देश दिले गेले. एका साध्या क्रियापदाचा कर्ता बदलण्यासाठी पोलीस पहारा लागावा, यावरून भाषेमागच्या सत्तेची कल्पना येते.

६

आता सुभद्रा-रुक्मिणींच्या वेळी न लागलेल्या कसोटीकडे परत येऊ. मे २०१७ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने एका सज्ञान, धर्मांतरित तरुणीचा विवाह रद्द केला. मुलीच्या आयुष्यातील हा सर्वांत महत्त्वाचा निर्णय आईबापांच्या सक्रिय सहभागानेच घेतला जाऊ शकतो, अशी त्यामागची भूमिका होती. त्या तरुणीला नोव्हेंबरमध्ये दिल्लीत सर्वोच्च न्यायालयापुढे उभे केले गेले, आणि २०१८ मध्ये त्या न्यायालयाने तिचा विवाह पुन्हा वैध ठरवला. जोडीदार योग्य की अयोग्य हे ठरवणे न्यायालयाचे काम नाही, असा त्याचा आशय होता. येथे प्रथमच कायद्याने वराकडे पाहण्याचे नाकारले आणि वरणाऱ्या व्यक्तीकडे पाहिले. जो हक्क केवळ अर्जुन आणि श्रीकृष्ण निवडणाऱ्यांनाच मिळतो, तो हक्क नसून बक्षीस असते.

मराठी साहित्यात ही कसोटी लावण्याचे धैर्य दाखवले ते विजय तेंडुलकरांनी, १९८३ च्या ‘कन्यादान’मध्ये. समाजवादी नाथ देवळालीकरांची मुलगी ज्योती दलित कवी अरुण आठवले याच्याशी लग्न ठरवते. बापाला आनंद होतो, आईला भीती वाटते, आणि संसार दुःखाचा होतो. नाटकावर दलित वाचकांनी घेतलेला आक्षेप गंभीर होता आणि आहे. जातीबाहेरच्या निवडीचे एकमेव सविस्तर चित्र आपत्तीचे असावे, याने पूर्वग्रहाला बळ मिळते, हे अमान्य करता येणार नाही. तथापि नाटकाच्या अखेरीस ज्योती बापाचा आधार झिडकारून आपल्या निवडीची जबाबदारी आपल्याच शिरावर घेते, हे त्या आक्षेपानेही पुसले जात नाही. शीर्षकातील विधी तेथे उपरोधाने उभा आहे : उदारपणाने दिली तरी ती ‘दिलेली’च राहते. पुरोगामी बापाची परवानगी ही देखील शेवटी परवानगीच.

निवडण्याच्या हक्कात चुकीची निवड करण्याचा हक्क समाविष्ट आहे. आईबापांची भीती बव्हंशी या चुकीचीच असते, आणि ती सर्वस्वी निराधार असते असे कोणी म्हणू नये; ठरवून दिलेल्या लग्नांतही मुली होरपळल्याची साक्ष आपल्या कादंबरीने हरि नारायण आपट्यांच्या यमूपासून दिली आहे. फरक एवढाच की, एका चुकीचा कर्ता दुसरा कोणी असतो आणि तिचे फळ मुलगी भोगते. दुसऱ्या चुकीत कर्ता आणि भोक्ता एकच असतो. सज्ञान असणे म्हणजे याहून वेगळे काय?

आपल्या कथा-कादंबरीने छळलेली मुलगी पाहिली, विद्रोही मुलगी पाहिली, पश्चात्तापदग्ध मुलगीही पाहिली. नोंदणी कार्यालयाच्या फळीवर आपले नाव तीस दिवस लटकत असताना रोज कामावर जाणारी, आईवर रागावलेली आणि तरी तिची आठवण काढणारी, साध्या निश्चयाची प्रौढ स्त्री मात्र तिने फारशी पाहिलेली नाही. तिच्या बापालाही खलनायक आणि संत यांच्या मधली जागा क्वचितच मिळाली. या दोघांची पात्रे आपल्या गद्यात जेव्हा सहजपणे वावरू लागतील, तेव्हा ‘ती पळून गेली’ या वाक्याच्या जागी ‘तिने लग्न केले’ हे वाक्य लिहिताना मराठी लेखकाला स्पष्टीकरण जोडावे लागणार नाही, आणि निवाड्यांच्या अनुवादकाचेही काम बरेच हलके होईल.